मालू पारंगेचे अठ्ठावन्न रकाने

आमच्या आरोग्य केंद्रात सगळ्यांच्या आधी येणारं आणि सगळ्यांत कमी पगार घेणारं माणूस एकच, मालू पारंगे. पगार म्हणायचं ते आपल्या समाधानासाठी. सरकारी भाषेत ती अंशकालीन परिचर. अंशकालीन म्हणजे थोडा वेळ. सकाळी आठला कुलूप उघडायचं, झाडलोट करायची, पाणी भरायचं, केसपेपरची रांग लावायची, पोर रडलं तर घ्यायचं, बाळंतीण आली तर तिच्या उशाशी बसायचं आणि शेवटचा पेशंट गेला की दारं लावून घरी जायचं, एवढाच तो थोडा वेळ. हा शब्द ज्याने शोधला त्याला एकदा मालूच्या हाताखाली आठवडाभर ठेवायला हवं.

मी दिनानाथ, तिथे औषधं देतो. राहायला अष्टमीला. रोह्याहून सकाळची गाडी धरायची, कासूला उतरायचं आणि तिथून चार किलोमीटर आत जायचं, हे एकोणीस वर्षं चाललंय. मी आलो तेव्हा मालू तिथे दहा वर्षांची जुनी होती. माझा नेमणुकीचा आदेश आहे, सेवापुस्तक आहे, उद्या पेन्शनही मिळेल. मालूला कायम करणार, अशी बातमी दर दोन-तीन वर्षांनी तालुक्याहून यायची. मग ती हात पुसत माझ्या खिडकीशी यायची आणि विचारायची, "भाऊ, यादीत माझा नाव गेलाय ना?" मी म्हणायचो, "गेलं असेल." कुठली यादी, कोण पाठवतं, मला काय ठाऊक! पण औषधाच्या खिडकीत बसून मला वाईट सवय लागली आहे. समोर आलेल्याला काहीतरी देऊनच पाठवायचं.

तर या मालूची गोष्ट सांगायची म्हणजे डॉक्टर मनस्वी इखार यांच्यापासून सुरुवात करायला लागते.

सरकारी कॉलेजात डॉक्टर झालेल्या मुलांकडून आधीच लिहून घेतलेलं असतं की शिक्षण झालं की एक वर्ष सरकार सांगेल तिथे नोकरी करीन. त्याला सगळे बॉण्ड म्हणतात. वर्ष पूर्ण झालं की मुक्ततेचा दाखला मिळतो. नाही केलं तर जबर दंड, आणि दाखला नसेल तर पुढच्या शिक्षणाची वाट अडते. आमच्याकडे असे बॉण्डवाले बरेच येऊन गेले. एकाने वर्षभर बॅगच उघडली नाही. दोरीवर वाळत घातलेले तेच दोन शर्ट आम्ही बारा महिने पाहिले. एक सोमवारी उगवायचा आणि गुरुवारी मावळायचा. मनस्वीबाई वर्ध्याच्या. पहिल्या दिवशी त्या क्वार्टरमधल्या पाली मोजत उभ्या होत्या. मालूने मला कानात सांगितलं, "ही टिकायची नाय. दिवाली खायला जाईल ती येनार नाय."

माणसं ओळखण्यात मालूचा हात कोणी धरू शकत नाही, पण इथे ती साफ चुकली. बाई दिवाळीला गेल्या आणि येताना आईला घेऊन आल्या, आठवडाभर ठेवून घेतलं.

केंद्रापासून तासाभराच्या चालीवर नदीच्या अंगाला कातकऱ्यांची वाडी आहे. पंचवीस-तीस घरं. बारकी पोरं अशक्त, बायांच्या अंगात रक्त नाही, हे सगळ्यांना माहीत. पण वाडीची माणसं दवाखान्यात येत नाहीत, ही आमची ठरलेली तक्रार. मनस्वीबाईंनी तक्रार करण्याऐवजी का येत नाहीत ते विचारलं. उत्तर साधं होतं. सातच्या ठोक्याला अख्खी वाडी मजुरीला बाहेर पडते आणि आमचा दवाखाना उघडतो नऊला. मग बाईंनी ठरवलं की आपणच सहाला निघायचं. आठवड्यातून एखाद-दोनदा त्या आशाताईला बरोबर घेऊन वाडीवर जायच्या, पोरांची वजनं करायच्या, लसी द्यायच्या, बायांना तपासायच्या आणि अकराच्या सुमारास परत येऊन थेट ओपीडीला बसायच्या. बाहेर चाळीस माणसं ताटकळलेली असायची. मस्टरवर सही करायची राहून जायची.

आणि मस्टर मालूच्या ताब्यात होतं. नऊला ते टेबलावर उघडून ठेवायचं आणि दहाला कपाटात बंद करायचं, हे तिचं काम. माझ्यासारखे लोक सही करायचे. बाईंचा रकाना मोकळा राहायचा.

आता मालूच्या घरची रीत सांगतो, कारण सगळं घोडं तिथेच पेंड खातं. आवणीच्या, म्हणजे भातलावणीच्या दिवसांत घरातली माणसं वेगवेगळ्या शेतांवर पांगलेली असतात. जेवायला सगळी एकत्र येत नाहीत. पण जे माणूस लांबच्या शेतावर आहे त्याचा वाटा आधी काढून झाकून ठेवायचा आणि मगच बाकीच्यांनी घास घ्यायचा. कामाला गेलेल्याची जागा रिकामी ठेवली तर तो घरचा नाही असं होतं. पारंग्यांच्या घरात हे चार पिढ्या चालत आलंय. मालूने मस्टरलाही तोच नियम लावला. बाई वाडीवर कामाला गेल्यात, मग त्यांचा रकाना मोकळा कसा ठेवायचा? तिने त्यात पेनाने लिहिलं: मनस्वीबाई.

चौथीपर्यंत शिकलेलं तिचं गोल, सुबक अक्षर. खुद्द बाईंची सही इंग्रजीत, एक वेलांटी आणि एक फराटा. दोन्हींत नात्यागोत्याचंही साम्य नव्हतं. वर्षभरात मालूने असे अठ्ठावन्न रकाने भरले.

मी पाहिलं होतं. खोटं कशाला सांगू? एका सकाळी सही करताना मला ते 'मनस्वीबाई' दिसलं आणि हसू आलं. कोणी स्वतःच्या नावाला बाई लावून सही करतं का? दुपारी डब्याच्या वेळी तिला सांगायचं ठरवलं आणि विसरलो. पुढे दिसत राहिलं तसं सवयीचं झालं.

जूनअखेर बाईंचं वर्ष भरलं. बालरोगाच्या पुढच्या शिक्षणाला त्यांचा नंबर लागला होता, चांगल्या कॉलेजात. त्या दाखला आणायला गेल्या आणि कागद घेऊन परत आल्या. कागदावर लिहिलं होतं की अठ्ठावन्न दिवस त्या विनापरवानगी गैरहजर होत्या, त्या दिवसांच्या रकान्यांत तिऱ्हाइताने काहीतरी लिहिलेलं आहे, सबब बॉण्डचं वर्ष पूर्ण झालेलं नाही. दंड भरा, नाहीतर पहिल्यापासून पुन्हा एक वर्ष करा. कॉलेजात दाखला द्यायला उरले होते तीन आठवडे.

मालूने तो कागद दोनदा वाचून घेतला. मग पदर तोंडाला लावून स्टोअरच्या पायरीवर बसली. "माझ्या हातानं गेला गो बाईंचा वर्स," एवढंच म्हणत राहिली. मनस्वीबाई तिच्याशेजारी बसल्या आणि तिलाच पाणी पाजत होत्या.

पेणला प्रणिता गावंड म्हणून वकीलबाई आहेत. वयाने लहान, बोलायला तिखट. मुंबईच्या कोर्टात अर्ज लावायची तयारी त्यांनी केली. त्यांच्या ऑफिसात आम्ही तिघं बसलो होतो, मनस्वीबाई, मालू आणि मी. खाली गणपतीच्या कारखान्यात शेडचे पत्रे ठोकण्याचं काम चाललं होतं, त्यामुळे सगळ्यांना जरा मोठ्यानेच बोलावं लागत होतं.

वकीलबाई म्हणाल्या, "दोन गोष्टी हव्यात. त्या दिवशी डॉक्टर वाडीवर होत्या याचा पुरावा. आणि रकान्यात कोणी लिहिलं, का लिहिलं, हे शपथेवर सांगणारं माणूस." मग माझ्याकडे वळल्या. "तुम्ही मस्टरवर रोज सही करता. तुम्हाला दिसलं असेलच. शपथपत्र द्याल?"

मी घसा साफ केला. माझ्या निवृत्तीला चार वर्षं राहिली होती. सरकारी नोकर, सरकारच्याच विरुद्ध शपथपत्र. पेन्शनची फाइल डोळ्यांपुढे नाचायला लागली. म्हणालो, "माझं काही तसं लक्ष गेलं नव्हतं."

मालूला ठाऊक होतं की मी खोटं बोलतोय. तिने माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. बघितलं असतं तर बरं झालं असतं.

"मी लिवलाय ना," ती वकीलबाईंना म्हणाली. "मीच सांगते. माझा घ्या."

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. त्या सरळ बाई आहेत, आडपडदा ठेवला नाही. "मालूताई, नीट ऐका. सरकारी मस्टरमध्ये दुसऱ्याच्या जागी लिहिलं, हे तुम्ही स्वतः कबूल करताय. उद्या तुम्हाला घरी बसवतील. कायम करण्याची यादी यायची असेल तर त्यात तुमचं नाव येणार नाही. कदाचित पोलिसांतही देतील."

मनस्वीबाई एकदम उठल्या. वैतागल्या की त्यांच्या बोलण्यात वर्धा यायची. "तुम्ही काहून स्वतःचं नुकसान करून राहिल्या? मी करीन अजून एक वर्ष. मरत नाही मी."

"बसा ओ बाई," मालू म्हणाली. "तुमी रानातून चालत जायच्याव, मी नुसता नाव लिवला. ते पन चुकीचा लिवला. आता खरा सांगायला कसली लाज?"

"पण एकोणतीस वर्षं..." मनस्वीबाई म्हणाल्या.

"एकोनतीस वर्सं मी काय चोरी केली नाय. आता चूक झाली ती झाकली तर चोरी व्हईल."

वकीलबाईंनी लिहून घेतलं. वाचून दाखवलं. मालूने एका ठिकाणी अडवलं. वकीलबाईंनी लिहिलं होतं की डॉक्टरांची गैरसोय होऊ नये म्हणून लिहिलं. "तसा नको," ती म्हणाली. "कामाला गेलेल्याची जागा रिकामी ठेवू नये, म्हनून लिवला. हा घाला." वकीलबाईंनी ते जसंच्या तसं घातलं. नोटरीपुढे मालूने सही केली. तेच गोल अक्षर, मालू रामा पारंगे. मी चहा सांगायला म्हणून खाली उतरलो आणि चहा न सांगताच परत आलो.

पुराव्यासाठी वाडीवर जायचं होतं. रविवारी मालू निघाली, तर मीही निघालो. शपथपत्र द्यायची हिंमत नव्हती, निदान छत्री धरावी म्हटलं. पावसाचे दिवस, म्हणजे वीटभट्टीवर गेलेली माणसं परत आलेली. वाडीत पारी नावाची बाई आहे, तिचं धाकटं पोर बाईंनी दोनदा मरणाच्या दारातून ओढून आणलं होतं. मालूने तिला सांगितलं की पोरांची लसीची कार्डं पाहिजेत, त्यावर तारखा आणि डॉक्टरीणबाईंची सही आहे.

पारीने आधी आम्हाला नीट न्याहाळलं. "कागूद परत देशील ना गो? मागं एकानं रेशनचा नेला, त्यो अजून येतोय."

"उद्या सांजच्याला परत. झेरॉक्स काढून आनते."

"तुझ्या शब्दावर देते. या भाऊच्या नाय," पारी म्हणाली आणि आढ्याला बांधलेली प्लास्टिकची पिशवी सोडली. मी औषधं देताना वाडीच्या माणसांवर खेकसतो, त्याची ही वसुली होती. मला ती रास्त वाटली.

पारी स्वतः घरोघर फिरली. तासाभरात एकोणीस कार्डं जमली. काही उंदरांनी कुरतडलेली, काही चुलीच्या धुराने तपकिरी पडलेली, पण सह्या स्वच्छ: एक वेलांटी, एक फराटा. आम्ही पडवीत बसून तारखा जुळवल्या. अठ्ठावन्नपैकी चव्वेचाळीस जुळल्या. उरलेले चौदा दिवस बाईंनी फक्त मोठ्या माणसांना तपासलं होतं, त्यांची कार्डं नसतात. त्या चौदा दिवसांना मालूच्या शब्दाखेरीज आधार नव्हता. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी भर पावसात जाऊन तिने एकोणीस कार्डं मोजून परत दिली.

कोर्टात दोन तारखा झाल्या. दुसऱ्या तारखेला दुपारी वकीलबाईंचा फोन आला. मी स्पीकरवर ठेवला. सरकारी वकिलांचं म्हणणं होतं की हजेरी खोटी लावली आहे. त्यावर न्यायमूर्तींनी मस्टरचं पान पुढे धरलं आणि विचारलं, खोटी सही करणारा माणूस नावापुढे बाई लावील का? ज्याला फसवायचं आहे तो निदान तसं अक्षर तरी काढील. मग कार्डं पाहिली, मालूचं शपथपत्र वाचलं. अठ्ठावन्नच्या अठ्ठावन्न दिवस धरायचे आणि आठवड्याच्या आत दाखला द्यायचा, असा हुकूम झाला.

मनस्वीबाईंनी मालूला अशी मिठी मारली की तिच्या हातातला फिनेलचा डबा सांडला. मालू रडतही होती आणि "लादी, बाई, लादी!" म्हणून ओरडतही होती. चार दिवसांनी दाखला हातात पडला आणि बाई सामान घेऊन गेल्या. जाताना मालूच्या पाया पडल्या. मालूने त्यांच्या पिशवीत वालाच्या बिरड्याचं पुडकं घातलं आणि पाठ फिरवून आत गेली.

पंधरा दिवसांनी तालुक्याच्या साहेबांकडून निरोप आला. मालू पारंगे हिने समक्ष हजर राहावे. निरोप तोंडी होता. मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि तिच्याबरोबर गेलो. वकीलबाईंकडून हुकुमाची नक्कल घेऊन ठेवली होती.

साहेबांपुढे एक फाइल होती, तिच्यात फारसं काही नव्हतं. म्हणाले, "तुम्ही शासकीय दस्तऐवजात लिहिल्याचं कबूल केलं आहे. कारवाई करायची म्हणून तुमचे कागद शोधले. आदेश नाही. हजेरी नाही. तुम्हाला जे मिळतं ते स्वच्छता खर्चातून जातं, फिनेल आणि केरसुणीबरोबर. म्हणजे तुम्ही आमच्या कर्मचारी नाहीतच. त्यामुळे कारवाईचा प्रश्न येत नाही. उद्यापासून येऊ नका, एवढंच."

मालूचा चेहरा मी एकोणीस वर्षांत तसा पाहिला नव्हता. घरी बसवणार, याची तयारी तिने करून ठेवली होती. आपण कधी नव्हतोच, याची नव्हती.

"मंग इतकी वर्सं मस्टर कोन उघडीत होता साहेब?" तिने विचारलं.

साहेब कागद चाळत राहिले. तेव्हा मात्र मला राहवलं नाही. "एकोणीस वर्षं मी बघतोय," मी म्हणालो. "रोज हीच उघडते. लिहून हवं असेल तर देतो, शपथेवर देतो." आवाज नको इतका मोठा निघाला, बाहेरचा कारकून डोकावून गेला. साहेबांनी मला माझं नाव विचारलं आणि टिपून घेतलं. घ्या म्हटलं. मग मी हुकुमाची नक्कल त्यांच्यापुढे ठेवली आणि नववा परिच्छेद दाखवला. त्यात लिहिलेलं होतं की सदर केंद्रात एकोणतीस वर्षे परिचर म्हणून काम करीत असलेल्या मालू रामा पारंगे यांनी शपथेवर असे सांगितले आहे.

साहेबांनी तो परिच्छेद वाचला. पुन्हा वाचला. मी तो मालूला मराठीत समजावून सांगितला, कारण इंग्रजीत होता. तिने त्या ओळीवर बोट ठेवलं आणि बराच वेळ उचललं नाही.

मग पदर नीट केला आणि म्हणाली, "साहेब, मी उद्या येत नाय. तुमचा बरोबर आहे, मी चूक केली. पन तसा लिवून द्या. मालू रामा पारंगे, एकोनतीस वर्सं इथं कामाला होती, तिला आजपासून काढली. येवढाच लिवा, सही करा, शिक्का मारा. मी घेऊन जाते."

साहेबांनी पेन उचललं. मग त्यांच्या लक्षात आलं की हे लिहिलं की एकोणतीस वर्षं आपल्याच सहीने मान्य होतात. पेन तसंच हातात राहिलं. त्यांनी कारकुनाला हाक मारली, कारकुनाने नियमाचं पुस्तक आणलं, दोघांनी मिळून पुस्तक पाहिलं. नसलेल्या माणसाला काढायचं कलम त्यात सापडलं नाही. "बघू. कळवतो," साहेब म्हणाले. मालू ऑफिस बंद होईपर्यंत बाकावर बसून राहिली. कागद मिळाला नाही.

दुसऱ्या दिवशी मी पोचलो तेव्हा आवार झाडलेलं होतं. मालू केसपेपरची रांग लावत होती.

"का गो," मी म्हटलं, "येऊ नको म्हणाले ना?"

"तोंडानं म्हनाले," ती म्हणाली. "कालपर्यंत मी तोंडावर कामाला होते, भाऊ. आता काढायची तर कागदावर काढा."